मोहोरबंद पाकीट पद्धती

मोहोरबंद पाकीट पद्धती : निलंबित असलेल्या, दोषारोपपत्र मिळालेल्या किंवा फौजदारी खटल्याला तोंड देत असलेल्या शासकीय कर्मचाऱ्याची पदोन्नतीची पात्रता इतर उमेदवारांबरोबरच ठरवावयाची, परंतु त्याच्यापुरता निर्णय कार्यवाहीचा शेवट होईपर्यंत लखोट्यात बंद करून ठेवावयाचा, अशी भारतीय प्रशासनातील रूढ पद्धती. न्यायालयापुढे काही कागदपत्रे बंद लखोट्यात सादर करण्याची जी प्रथा अलीकडे वादाचा विषय झाली, तिच्याशी या पद्धतीचे नावापुरतेच साम्य आहे. येथील लखोट्यात कोणतेही गुपित नसते. एका माणसाच्या सेवापुस्तिकेतील पुढचे पान तेवढे त्यात अडकलेले असते.

आरोप झाला म्हणजे दोष सिद्ध झाला असे नव्हे, हे तत्त्व एका बाजूस आणि ज्याच्या सचोटीविषयी चौकशी चालू आहे त्याच्या हाती अधिक मोठे अधिकार सोपवू नयेत, हा प्रशासनाचा आग्रह दुसऱ्या बाजूस, या दोहोंच्या कात्रीतून ही पद्धती जन्मली. दोन्ही भूमिका आपापल्या जागी सयुक्तिक आहेत. अडचण आहे ती काळाची. चौकशी सहा महिन्यांत संपली, तर लखोट्यामुळे कोणाचे फारसे बिघडत नाही. ती दहा वर्षे रेंगाळली, तर निर्दोष ठरलेल्या कर्मचाऱ्याचेही सेवेतील ऐन उमेदीचे दिवस निघून गेलेले असतात. या पद्धतीचा इतिहास म्हणजे बव्हंशी दोन प्रश्नांवरील वादाचा इतिहास होय : लखोटा नेमका कोणत्या दिवसापासून वापरावयाचा आणि विलंबाची किंमत कोणी मोजावयाची.

ईस्ट इंडिया कंपनीच्या अमदानीत सनदी नोकरांची बढती मुख्यत्वे ज्येष्ठतेवर अवलंबून असे. १७९३ च्या सनदी कायद्याने त्या प्रथेला वैधानिक रूप दिले. ज्येष्ठतेचा क्रम ठरलेला असल्यावर गैरवर्तनाचा आरोप झालेल्या अधिकाऱ्याचे काय करावयाचे, हा प्रश्न बढतीचा न राहता त्याला नोकरीत ठेवावे की काढावे एवढाच उरे. १८५० च्या लोकसेवक (चौकशी) अधिनियमाने वरिष्ठ अधिकाऱ्यांविरुद्ध रीतसर दोषारोप ठेवून चौकशी करण्याची तरतूद केली. हा अधिनियम स्वातंत्र्योत्तर काळातही टिकला. १९१९ च्या भारत सरकारच्या कायद्यातील कलम ९६-ब अन्वये नोकर राजाची मर्जी असेपर्यंत पद धारण करतो, हे तत्त्व नमूद झाले. मात्र ज्या अधिकाऱ्याने नेमणूक केली त्याहून खालच्या अधिकाऱ्याने त्याला काढता कामा नये, अशी मर्यादाही घालण्यात आली. १९३० च्या नागरी सेवा (वर्गीकरण, नियंत्रण व अपील) नियमांतील नियम ५५ ने निश्चित स्वरूपाचे लेखी दोषारोप व बचावाची संधी या दोन गोष्टी आवश्यक ठरविल्या. परंतु हे नियम मोडले गेल्यास न्यायालयात दाद मागता येते काय, या प्रश्नाला प्रिव्ही कौन्सिलने १९३७ साली वेंकटराव प्रकरणात नकारार्थी उत्तर दिले. नियमभंगावरील उपाय प्रशासनाकडेच शोधावयाचा, असा त्या निर्णयाचा मथितार्थ होता. १९३५ च्या कायद्याचे कलम २४० आणि पुढे भारतीय संविधानाचे अनुच्छेद ३१० व ३११ यांमुळे बडतर्फी व पदावनती यांविरुद्धचे संरक्षण न्यायालयात मागण्याजोगा हक्क बनले. बढती मात्र या संरक्षणाच्या कक्षेबाहेर राहिली. पदावरून खाली आणण्याविरुद्ध संविधानाची ढाल होती. वर चढू न देण्याविरुद्ध अनुच्छेद ३११ मध्ये एक शब्दही नव्हता.

निलंबनाची गोष्ट याहूनही विचित्र आहे. १९३० च्या नियमांत शिक्षांच्या यादीतच निलंबनाचा समावेश होता. म्हणजे एकच शब्द चौकशीपूर्वीची खबरदारी आणि चौकशीनंतरची शिक्षा अशा दोन्ही अर्थांनी वापरला जाई. लोकव्यवहारात हा घोटाळा अजूनही संपलेला नाही. निलंबित झालेला माणूस आपल्या गावी दोषी म्हणूनच ओळखला जातो. कायद्याने मात्र हे दोन अर्थ क्रमाक्रमाने वेगळे केले. १९५७ साली मोहंमद घौस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निलंबन म्हणजे बडतर्फी नव्हे, सेवेतून काढणे नव्हे वा पदावनतीही नव्हे, असे सांगितले. त्यानंतर हॉटेल इंपीरियल, आर. पी. कपूर आणि बलवंतराय रतिलाल पटेल वि. महाराष्ट्र राज्य (१९६८) या निर्णयांतून निलंबनाचे तीन प्रकार स्पष्ट झाले : शिक्षा म्हणून केलेले, नियमांतील अधिकारानुसार चौकशीच्या काळापुरते केलेले आणि नियमांचा आधार नसताना मालकाने केवळ ‘कामावर येऊ नकोस’ असे सांगणे. तिसऱ्या प्रकारात काम घेतले नाही तरी पूर्ण वेतन द्यावे लागते. दुसऱ्या प्रकारात सेवासंबंध तुटत नाही. कर्मचारी सेवेतच असतो, त्याच्यावर शिस्तीचे नियम लागू राहतात आणि त्याला वेतनाऐवजी निर्वाह भत्ता मिळतो. १९६५ च्या केंद्रीय नियमांनुसार अठ्ठेचाळीस तासांहून अधिक काळ अटकेत राहिलेला कर्मचारी आपोआप निलंबित मानला जातो.

निर्वाह भत्त्याच्या संदर्भात महाराष्ट्रातील एक प्रकरण ध्यानात ठेवण्यासारखे आहे. मुंबई नागरी सेवा नियमांतील नियम १५१ च्या एका परंतुकानुसार, फौजदारी न्यायालयाने दोषी ठरविलेल्या व ज्याचे अपील प्रलंबित आहे अशा निलंबित कर्मचाऱ्यास दरमहा एक रुपया इतकाच निर्वाह भत्ता देय होता. चंद्रभान ताले प्रकरणात (१९८३) सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद घटनाबाह्य ठरविली. एका रुपयात निर्वाह होत नाही हे सांगण्यासाठी देशाच्या सर्वोच्च न्यायासनापर्यंत जावे लागले, ही त्या काळच्या नियमरचनेवरील बोलकी टीका होय. तत्पूर्वी १९७३ मध्ये घनश्यामदास श्रीवास्तव प्रकरणात, निर्वाह भत्ता न मिळाल्याने कर्मचारी चौकशीच्या ठिकाणी पोहोचू शकला नाही म्हणून ती चौकशीच सदोष ठरली होती.

निलंबित कर्मचारी सेवेतच असतो, हे एकदा मान्य केले की पदोन्नतीचा प्रश्न टाळता येत नाही. अनुच्छेद १६ अन्वये सार्वजनिक सेवेत समान संधीची हमी आहे. पदोन्नती मिळणे हा कोणाचाही हक्क नसला, तरी पदोन्नतीसाठी आपला विचार व्हावा हा हक्क आहे, हा भेद न्यायालयांनी प्रस्थापित केला. तेव्हा विचारच न करणे घटनेला धरून नाही आणि विचार करून लगेच बढती देणे प्रशासनाला परवडणारे नाही. आपल्याकडील सचिवालयांनी यातून काढलेला मार्ग अस्सल कारकुनी वळणाचा आहे : विचार करावयाचा, निष्कर्ष लिहावयाचा आणि लाख लावून ठेवून द्यावयाचा.

केंद्रीय गृहमंत्रालयाच्या १९६० व १९६४ च्या ज्ञापनांपासून या विषयावरील सूचनांची मालिका सुरू होते. या सूचना अधिनियमाने वा संविधानाच्या अनुच्छेद ३०९ खालील नियमांनी नव्हे, तर कार्यकारी आदेशांनी दिल्या गेल्या. नियम जेथे मूक असतील तेथे शासन कार्यकारी सूचनांनी ती पोकळी भरून काढू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने संतराम शर्मा वि. राजस्थान राज्य (१९६७) या निर्णयात म्हटले होते. त्या आधारावर अशा सूचना टिकून राहिल्या. १९७७, १९८२ व १९८८ साली त्या सुधारून पुन्हा काढण्यात आल्या. प्रत्येक वेळी कोणत्या अवस्थेतील कर्मचाऱ्यांना लखोटा लागू करावयाचा, याची व्याप्ती बदलत गेली. १९८८ च्या ज्ञापनात तर निलंबन, शिस्तभंगाची कार्यवाही व खटला यांच्या जोडीला लाचलुचपतीसारख्या गंभीर आरोपांचा केवळ तपास चालू असलेल्यांचाही अंतर्भाव होता.

या पद्धतीतील कामकाज वरकरणी साधे आहे. विभागीय पदोन्नती समिती विचारक्षेत्रातील सर्व कर्मचाऱ्यांचे गोपनीय अहवाल तपासते. ज्याच्याविरुद्ध कार्यवाही प्रलंबित आहे, त्याची पात्रता तपासताना समितीने त्या कार्यवाहीकडे लक्ष द्यावयाचे नसते. उपलब्ध अभिलेखावरून तो योग्य की अयोग्य एवढेच ठरवावयाचे असते. तो निष्कर्ष स्वतंत्र कागदावर लिहून पाकिटात घालतात, पाकीट मोहोरबंद करतात आणि कार्यवाही संपेपर्यंत ते उघडू नये अशी नोंद त्यावर करतात. समितीच्या मुख्य कार्यवृत्तात त्या नावापुढे निष्कर्ष सोबतच्या पाकिटात असल्याचा उल्लेख तेवढा राहतो. रिक्त पद दुसऱ्या कोणास स्थानापन्न म्हणून देतात. पुढील वर्षीच्या समितीपुढेही हेच घडते. परिणामी लांबलेल्या प्रकरणात एकाच माणसाच्या नावाने अनेक पाकिटे साठतात. कर्मचारी पूर्णतः दोषमुक्त ठरला, तर पाकीट उघडून त्याच्या कनिष्ठाला ज्या दिनांकास बढती मिळाली तो मानीव दिनांक त्याला देतात व गरज पडल्यास सर्वांत कनिष्ठ स्थानापन्न अधिकाऱ्याला मूळ पदावर परत पाठवितात. शिक्षा झाली, अगदी ठपक्याची का होईना, तर पाकिटातील निष्कर्ष अमलात येत नाही. त्यानंतरची समिती त्याचा नव्याने विचार करते.

सारा वाद उभा राहिला तो या प्रक्रियेच्या दोन्ही टोकांवर. एखाद्याविरुद्ध तक्रार आली, कोणी अधिकाऱ्याने प्राथमिक चौकशी सुरू केली, धारिका एका कक्षातून दुसऱ्या कक्षात फिरू लागली, एवढ्यावर लखोटा वापरता येतो काय? तसे झाल्यास हेवेदाव्यातून केलेली निनावी तक्रारही बढतीचा हंगाम साधून एखाद्याची वाट अडवू शकते. उलट, दोषारोपपत्र प्रत्यक्ष हाती पडेपर्यंत थांबावयाचे, तर गंभीर गैरव्यवहाराचा पुरावा गोळा होत असतानाच संबंधित अधिकारी वरच्या खुर्चीवर जाऊन बसेल, ही प्रशासनाची भीतीही निराधार नव्हती. १९८५ मध्ये केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण स्थापन झाल्यावर अशी प्रकरणे मोठ्या प्रमाणावर त्याच्यापुढे आली आणि न्यायाधिकरणाच्या हैदराबाद येथील पूर्ण पीठाने १९८७ मध्ये वेंकट रेड्डी प्रकरणात निर्णय दिला. विभागीय कार्यवाहीत दोषारोपपत्र अथवा फौजदारी प्रकरणात आरोपपत्र ही लखोट्याची पूर्वअट होय. दोषमुक्त झालेल्यास वरच्या पदाचे मागील वेतनही मिळाले पाहिजे. आणि शिक्षा झालेल्या माणसाचे पाकीट न उघडणे ही दुहेरी शिक्षा होय, असे तिहेरी उत्तर त्या पीठाने दिले.

त्यावरील अपिले सर्वोच्च न्यायालयाने २७ ऑगस्ट १९९१ रोजी एकत्रितपणे निकालात काढली. भारत सरकार वि. के. व्ही. जानकीरामन या नावाने ओळखला जाणारा हा निर्णय त्रिसदस्य पीठाचा असून तो न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिला. मुंबई उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या सावंतांचा हा निर्णय या विषयातील मध्यवर्ती निर्णय मानला जातो. पहिल्या मुद्यावर त्यांनी न्यायाधिकरणाचे मत उचलून धरले. दोषारोपपत्र निघाले म्हणजेच कार्यवाही सुरू झाली. प्राथमिक चौकशी पुरेशी नाही. आरोप खरोखर गंभीर असतील, तर प्रशासनाला संबंधिताला निलंबित करण्याचा अधिकार आहेच. तो अधिकार न वापरता केवळ संशयावर बढती रोखून धरता येणार नाही, असा त्यामागील युक्तिवाद होता. तो मार्मिक आहे. कारण निलंबनाचा आदेश काढणाऱ्याला त्यावर सही करावी लागते व त्याचे समर्थनही करावे लागते, तर रेंगाळणाऱ्या प्राथमिक चौकशीची जबाबदारी कोणाच्याच माथी नसते.

वेतनाच्या मुद्यावर शासनाची भिस्त ‘काम नाही तर वेतन नाही’ या सूत्रावर होती. ते सूत्र येथे सरसकट लागू पडत नाही, असे न्यायालयाने म्हटले. कर्मचारी काम करण्यास तयार असून शासनानेच त्याला दूर ठेवले असेल आणि अखेर तो यत्किंचितही दोषी ठरला नसेल, तर मानीव दिनांकापासूनचे वेतन त्याला मिळाले पाहिजे. परंतु संशयाचा फायदा मिळून सुटका झाली असेल, पुरावा उपलब्ध होऊ न शकण्यास कर्मचाऱ्याचेच वर्तन कारण असेल किंवा त्यानेच कार्यवाही लांबविली असेल, तर वेतनाची थकबाकी द्यावी की नाही व किती द्यावी, हे सक्षम अधिकाऱ्याने कारणे नमूद करून ठरवावे, अशी मोकळीक ठेवण्यात आली. तिसऱ्या मुद्यावर न्यायाधिकरणाचे मत अमान्य झाले. शिक्षा झालेल्यास बढती न देणे ही दुसरी शिक्षा नव्हे; बढतीसाठी किमान स्वच्छ अभिलेख अपेक्षित असतो आणि ठपका लागलेल्यास निष्कलंक सहकाऱ्याच्या पंक्तीला बसविणे हीच विषमता ठरेल, असे न्यायालयाचे मत पडले.

या निर्णयानुसार केंद्र शासनाच्या कार्मिक विभागाने १४ सप्टेंबर १९९२ रोजी नवे ज्ञापन काढून आधीच्या सूचना रद्द केल्या. लखोटा आता तीनच प्रसंगी वापरावयाचा होता : कर्मचारी निलंबित असताना, दोषारोपपत्र देऊन शिस्तभंगाची कार्यवाही प्रलंबित असताना आणि फौजदारी आरोपाबाबत खटला प्रलंबित असताना. तपासाचा जुना प्रकार गळाला. मात्र समितीने शिफारस केल्यानंतर व प्रत्यक्ष बढतीचा आदेश निघण्यापूर्वी यांपैकी एखादी परिस्थिती उद्भवली, तर ती शिफारस मोहोरबंद पाकिटात असल्याचे मानावे, असे एक कलम ज्ञापनात घातले गेले. व्यवहारात हे कलम फार परिणामकारक ठरले. निवडसूचीत नाव आलेला कर्मचारी आदेश हाती पडेपर्यंत निर्धास्त होऊ शकत नाही.

यानंतर सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच आखलेली रेषा थोडी मागे सरकविली. केवल कुमार व एच. सी. खुराना या १९९३ मधील दोन प्रकरणांत दोषारोपपत्र ‘निघणे’ म्हणजे काय, याचा ऊहापोह झाला. दोषारोपपत्र तयार होऊन रवाना झाले की ते निघाले. कर्मचाऱ्याच्या हाती ते पडलेच पाहिजे असे नाही, असे खुराना प्रकरणात ठरले. पत्र चुकविणाऱ्यास त्याचा लाभ मिळू नये, हा हेतू रास्त आहे. तथापि केवल कुमार प्रकरणात कार्यवाही सुरू करण्याचा निर्णय झालेला असणे एवढ्याला दिलेले महत्त्व जानकीरामन निर्णयाच्या शब्दांशी सहजासहजी जुळत नाही. ‘निर्णय झाला’ हे धारिकेतील टिपणीवरून ठरते आणि धारिका प्रशासनाच्याच कपाटात असते. पुढे कोल इंडिया वि. सरोजकुमार मिश्रा (२००७) या प्रकरणात केवळ दक्षता विभागाची चौकशी प्रलंबित आहे म्हणून बढती रोखता येत नाही, असे सांगून न्यायालय पुन्हा १९९१ च्या भूमिकेजवळ आले.

विलंबावरील उपाय मात्र दुबळे राहिले. १९९२ च्या ज्ञापनानुसार दर सहा महिन्यांनी प्रकरणाचा आढावा घ्यावयाचा असतो. पहिल्या समितीच्या बैठकीस दोन वर्षे उलटूनही कार्यवाही संपली नसेल, तर निलंबित नसलेल्या कर्मचाऱ्यास तदर्थ बढती देण्याचा विचार करता येतो. आरोपांचे गांभीर्य, सार्वजनिक हित आणि विलंबास कर्मचारी जबाबदार आहे काय, या बाबी त्या वेळी पाहतात. बढती देताना ती केव्हाही रद्द करण्याचा अधिकार राखून ठेवतात. निलंबित कर्मचाऱ्यास हीही वाट बंद असते. त्याच्यासाठी खरा दिलासा निलंबन संपण्यातच असल्याने त्या बाजूचे बदल अधिक महत्त्वाचे ठरले. २००४ पासून केंद्रीय नियमांनुसार निलंबनाचा आदेश नव्वद दिवसांच्या आत पुनर्विलोकन होऊन वाढविला नाही, तर तो आपोआप संपतो. दीपक माली प्रकरणात (२०१०) सर्वोच्च न्यायालयाने ही मुदत काटेकोरपणे लागू केली. अजयकुमार चौधरी प्रकरणात (२०१५) त्याही पुढे जाऊन, तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन चालू ठेवू नये, असे न्यायालयाने सांगितले.

महाराष्ट्रात निलंबनाचा अधिकार महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधील नियम ४ ने आणि निर्वाह भत्ता १९८१ च्या स्वतंत्र नियमांनी नियंत्रित होतो. विभागीय चौकशी चालू असलेल्यांच्या बढतीबाबत सामान्य प्रशासन विभागाने १९७६ व १९९६ मध्ये आदेश काढले होते. १५ डिसेंबर २०१७ च्या शासन निर्णयाने ही कार्यपद्धती एकत्रित व सविस्तर स्वरूपात मांडली. चौधरी निर्णयानंतर नव्वद दिवसांत दोषारोपपत्र देण्याबाबतचा आदेश ९ जुलै २०१९ रोजी निघाला. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांना दाद मागण्यासाठी १९९१ पासून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण उपलब्ध आहे. बढती नाकारली जाणे, मानीव दिनांक व निलंबनाची लांबण हे त्यापुढील नेहमीचे विषय होत.

पाकीट उघडण्यापूर्वीच कर्मचारी निवृत्त झाला, तर कार्यवाही निवृत्तिवेतन नियमांखाली पुढे चालू राहते. तोवर त्याला तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते आणि उपदान रोखून धरले जाते. नंतर तो निर्दोष ठरल्यास निवृत्तीपूर्वीच्या मानीव दिनांकाने काल्पनिक वेतननिश्चिती करून निवृत्तिवेतन सुधारता येते. वरच्या पदाचे काम करण्याची संधी मात्र अशा प्रकरणात उरलेली नसते.